लिस्टमध्ये नसलेला स्टॉप

मॉरिशस म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर काय येतं? निळं पाणी, नारळाची झाडं आणि कुणाच्या तरी दादा-वहिनीचे हनिमूनचे फोटो. माझ्याही डोळ्यांसमोर तेच होतं. फरक एवढाच की, मी गेले होते आत्याबरोबर! आत्या बँकेतून रिटायर झाली आणि तिने जाहीर केलं, ‘मी परदेश बघणार आणि ही माझ्या बॅगा उचलणार.’ फुकटात परदेशवारी मिळत असेल तर बॅगाच काय, मी आत्यालाही उचलून नेलं असतं.

मुंबईहून विमानाने साधारण सहा तास. घड्याळ दीड तास मागे घ्यायचं. आख्खा देश आपल्या रत्नागिरी जिल्ह्याच्या जेमतेम पाव भागाएवढा. त्यामुळे बसच्या ग्रुप टूरऐवजी एक दिवस गाडी आणि गाइड करून दक्षिण-पश्चिम भाग बघायचं ठरलं. आत्याची एकच अट होती, ‘झेंडा घेतलेल्या माणसामागे मी पळणार नाही.’ ओळखीतून एका टॅक्सीवाल्या गाइडचा नंबर मिळाला. माणशी नाही, गाडीचे 3000 मॉरिशस रुपये ठरले. व्हॉट्सअॅपवर स्टॉपची लिस्टही आली.

सकाळी आठला आम्ही हॉटेलच्या गेटवर गेलो तर पन्नाशीतले एक काका कागद धरून उभे. कागदावर देवनागरीत एकच शब्द होता, ‘नमस्कार’. नमस्ते नाही, नमस्कार!

‘तुम्ही मराठी?’ आत्या जवळजवळ ओरडलीच.

‘मी मराठी आहे. पण मराठी बोलतो थोडा थोडा,’ काका हसले. ‘शाळेत शिकला. विसरला.’

मग दिवसभर आमची गाडी हिंदी, इंग्रजी, तुटक मराठी आणि मध्येच फोनवर क्रिओल अशा चार भाषांवर धावली. मॉरिशसमध्ये मराठी माणसांचा छोटासा समाज आहे, गणेश चतुर्थीला देशभर सार्वजनिक सुट्टी असते, हे मला तिथे कळलं. मास कम्युनिकेशनच्या तीन वर्षांत नाही.

पोस्टकार्डवाला मॉरिशस

पहिला स्टॉप क्युरपीप गावातलं त्रू ओ सेर्फ. हे झोपलेल्या ज्वालामुखीचं तोंड आहे. वाटीसारखा खोल खड्डा, आत गच्च झाडी आणि तळाशी थोडं पाणी. काठावरून फेरी मारताना लोक चक्क मॉर्निंग वॉक करत होते. ज्वालामुखीभोवती!

दुसऱ्या स्टॉपला मात्र आत्याचा पारा चढला. लिस्टमध्ये ‘जहाजांची कला’ असं लिहिलेलं होतं. प्रत्यक्षात ते लाकडी जहाजांच्या मॉडेलचं दुकान निघालं. मॉडेल सुंदर होती, किमती त्याहून सुंदर. आत्याने बाहेर येऊन सरळ विचारलं, ‘भाऊ, इथे तुम्हाला कमिशन मिळतं ना?’ मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. काका मात्र शांतपणे म्हणाले, ‘हां मादाम. गिऱ्हाईकने काही घेतलं तर मिळतं. पेट्रोल निघतं.’ आत्या दोन मिनिटं गप्प. मग म्हणाली, ‘हे आधी सांगितलं असतंत तर मी चिडले नसते.’ ‘आधी सांगितलं तर कोणी येत नाही,’ काका म्हणाले. यावर दोघंही हसले. तिथून पुढे गाडीतलं वातावरणच बदललं.

गंगा तलाव हे डोंगरातलं तळं. तेही ज्वालामुखीच्या मुखातच तयार झालेलं. शेजारी 108 फुटी शंकराची मूर्ती. 1972 मध्ये इथे गंगेचं पाणी आणून मिसळलं गेलं. महाशिवरात्रीला लाखो लोक खांद्यावर सजवलेल्या कावडी घेऊन चालत येतात. पोरं रात्रभर चालतात, वाटेत लोक त्यांना खायला-प्यायला देतात, असं काका सांगत होते तेव्हा आत्या म्हणाली, ‘आपल्या वारीसारखंच की गं.’

मग शामारेलची सात रंगांची माती. लाव्हाच्या खडकाची झीज होऊन तयार झालेल्या या टेकड्या लाल, तपकिरी, जांभळ्या दिसतात. लोह आणि अॅल्युमिनियमच्या संयुगांमुळे हे रंग येतात. खरं सांगू? फोटोत मैलोन् मैल वाटतं, प्रत्यक्षात कॉलेजच्या ग्राउंडएवढं असेल. पण ऊन पडलं की रंग खरंच उजळतात. कठड्याबाहेरून बघायचं, आत पाय ठेवायचा नाही.

दुपारी रस्त्यावरच्या गाडीवर दालपुरी खाल्ली. डाळ भरलेली मऊ पोळी. एक मागितली की दोन येतात. वर बीन्सची भाजी, टोमॅटोचा रस्सा आणि मिरची. आत्याचा निकाल, ‘तिखट पुरणपोळी.’

‘माझा गाव कुठला?’

ल मॉर्न हा समुद्राकाठचा 556 मीटर उंच खडक. इन्स्टावर याचे हजार फोटो सापडतील. काकांनी तिथे कॅमेरा मागायच्या आधी गोष्ट सांगितली. मालकांच्या तावडीतून पळालेले गुलाम या डोंगरावर लपायचे. 1835 मध्ये इथली गुलामी संपली. ही बातमी द्यायला शिपाई वर चढले तेव्हा आपल्याला पकडायलाच आले असं समजून अनेकांनी कड्यावरून उड्या टाकल्या, अशी आख्यायिका आहे. मी सेल्फीसाठी वर केलेला फोन खाली घेतला.

‘गुलाम गेले, मग उसाला माणूस पाहिजे,’ काका म्हणाले. ‘मग आम्ही आलो.’

‘आम्ही’ म्हणजे गिरमिटिये. 1834 पासून 1920 पर्यंत जवळपास पाच लाख भारतीय मजूर करारावर या बेटावर आणले गेले. बहुतेक कोलकाता आणि मद्रास बंदरांतून, काही मुंबईहूनही. काकांनी मोबाइलवर एक फोटो दाखवला. जुन्या रजिस्टरमधल्या नोंदीचा. मोका गावातल्या महात्मा गांधी इन्स्टिट्यूटमध्ये हे सगळे कागद जपून ठेवलेत. तिथून त्यांनी खापरपणजोबांची नोंद मिळवली होती. एक नंबर. एक नाव. बंदर मुंबई. जिल्हा रत्नागिरी, तोही चुकीच्या स्पेलिंगमध्ये. आणि गावाच्या रकान्यात सुरुवातीला ‘के’, पुढे शाईचा डाग.

‘माझं आडनाव तिकडे कोणाचं आहे?’ त्यांनी विचारलं.

आत्या आणि मी एकमेकींकडे बघितलं. कारण ते आडनाव नव्हतंच. रामजी, शिवजी असतं तसं ते एक पहिलं नाव होतं. पणजोबांचं नाव पुढच्या पिढ्यांचं आडनाव झालं आणि खरं आडनाव बोटीच्या अलीकडेच राहिलं. आत्याने हे त्यांना समजावून सांगितलं. ते बराच वेळ समुद्राकडे बघत राहिले. मग म्हणाले, ‘म्हणून मिळत नाही. मी फेसबुकवर शोधतो दहा वर्ष.’

लिस्टमध्ये अजून बीच आणि एक ‘शॉपिंग’ बाकी होतं. आत्याने घड्याळ बघितलं. ‘ते लोक उतरले ती जागा अजून आहे का?’

‘पोर्ट लुईला आहे. टुरिस्ट मागत नाही. लवकर बंद होते.’

‘मग चला.’

बीच गेला. मला वाईट वाटलं का? हो, थोडं वाटलं. मी स्विमसूट घालूनच आले होते.

सोळा पायऱ्या

राजधानीच्या ट्रॅफिकमधून आम्ही धापा टाकत आप्रवासी घाटावर पोहोचलो. 2006 पासून हे युनेस्कोचं जागतिक वारसा स्थळ आहे. दिसायला काय? दगडी भिंती, थोडी छपरं, शेजारून धावणारा हायवे. आणि बंदराकडच्या सोळा दगडी पायऱ्या. बोटीतून उतरलेला मजूर या पायऱ्या चढून वर यायचा. साधारण दोन दिवस इथल्या शेडमध्ये काढायचे, नोंद व्हायची, मग कुठल्या तरी उसाच्या मळ्यावर रवानगी. काम आवडलं नाही तर परत जायची सोय नव्हती.

काका इथे अनेकदा आलेत. पण पॅसेंजरबरोबर पहिल्यांदाच. ते पायऱ्यांपाशी उभे राहिले आणि आत्याने मोबाइल हातात घेऊन फोटो मोठा केला. ‘के... केळशी? केळवली? केळ्ये? केळूसही असेल. तेव्हाच्या रत्नागिरीत आजचा सिंधुदुर्गही यायचा.’ ती एकेक गाव मोठ्याने म्हणत होती आणि काका तिच्या मागून म्हणत होते. ‘ळ’ काही जमत नव्हता. ‘केलशी’, ‘केलवली’. कदाचित त्या रजिस्टरवाल्या कारकुनालाही जमला नसेल.

परतताना काकांनी मुलाचा व्हिडिओ दाखवला. गणपतीपुढे पोरं गोलात नाचत होती. तिथे या नाचाला झाकरी म्हणतात. आत्या ओरडली, ‘अरे, ही तर आपली जाखडी!’ गाव विसरलं, आडनाव हरवलं, पायांना मात्र ठेका आठवतोय.

हॉटेलपाशी आत्याने ठरलेले पैसे दिले आणि वर थोडे जास्त. काकांनी जास्तीचे परत केले. ‘गाव शोधा,’ म्हणाले.

मुंबईला आल्यावर आम्ही तो फोटो नातेवाइकांच्या ग्रुपवर टाकला. तीन जणांनी तीन गावं छातीठोकपणे सांगितली. म्हणजे अजून सापडलेलं नाही. आत्या मे महिन्यात केळशीपासून सुरुवात करणार आहे. बॅगा उचलायला मी आहेच.

तुम्हीही गाइड करणार असाल तर...

- दर माणशी की गाडीमागे, प्रवेश तिकिटं आणि जेवण धरून की वेगळं, हे आधीच लिहून घ्या. चौघं मित्र असाल तर अख्खी गाडी परवडते.
- दुकानांत जायचं नसेल तर सकाळीच सांगा. भांडू नका, कमिशन हा त्यांच्या कमाईचा भाग आहे.
- लिस्टमधले दोन स्टॉप कमी करा आणि ‘तुमच्या आवडीची एक जागा दाखवा’ असं म्हणा.
- आप्रवासी घाटाला प्रवेश मोफत आहे. रविवारी बंद असतो, म्हणून तो सकाळी ठेवा. आमच्यासारखी धावपळ करू नका.
- जानेवारी ते मार्च चक्रीवादळांचा काळ. मे ते नोव्हेंबर हवा छान असते.
- पुढच्या सीटवर बसा आणि इअरफोन काढा.