डोळे दुधाळ झाले की

टोरांटोच्या हिवाळ्यात रात्रंदिवस हीटर चालतो आणि घरातली हवा इतकी कोरडी पडते की माणसांचे ओठ फुटतात. आमच्या कॉर्न स्नेकची मला या महिन्यांत सगळ्यात जास्त काळजी असते. पेटीतली आर्द्रता ४० टक्क्यांच्या खाली रेंगाळली, की कात अंगावरच वाळते आणि तुकड्यातुकड्यांनी निघते. हा मूळचा अमेरिकेच्या आग्नेय भागातला, आपल्याकडच्या तस्करासारखा बिनविषारी साप. इथे माणसांकडेच जन्मलेली पिल्लं पाळायला मिळतात. महाराष्ट्रात तस्कर किंवा धामण घरी ठेवणं १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने गुन्हा आहे, आणि तो असायलाच हवा.

कातीची चाहूल रंगावरून लागते. पाठीचा केशरी रंग मळकट होतो, मग डोळे निळसर दुधाळ दिसू लागतात. सापाला पापण्या नसतात. डोळ्यावर एक पारदर्शक खवला असतो आणि तोही कातीबरोबर निघतो. जुन्या कातडीखाली नवी तयार होते, दोन्हींच्या मध्ये द्रव साचतो, त्यानेच डोळा धूसर होतो. या दिवसांत सापाला नीट दिसत नाही. एरवी हातावर शांत बसणारा हा जीव तेव्हा सावलीलाही दचकतो, शेपटी थरथरवतो. मी त्याला उचलत नाही, उंदीरही देत नाही. झाकणाला भोक पाडलेल्या डब्यात ओलं मॉस भरून पेटीत ठेवते, पाण्याचं भांडं मोठं करते आणि थांबते. पाळणाऱ्याची खरी परीक्षा इथेच असते. सोलून मदत करावी असं फार वाटतं, पण खालची कातडी अजून कोवळी असते.

कात निघण्याआधी काही दिवस डोळे पुन्हा स्वच्छ होतात. नवख्या माणसाला वाटतं, बरा झाला! मग एखाद्या रात्री तो लाकडावर नाक घासतो, ओठांपाशी कात सुटते आणि तो तिच्यातून पुढे सरकत जातो. मोजा उलटा काढावा तशी ती मागे राहते. खवल्यांमधली घडीची कातडीही ताणली गेल्यामुळे ती सापापेक्षा लांब भरते.

सकाळी मी ती दिव्यासमोर धरते. डोक्यावर दोन्ही डोळ्यांच्या गोल चकत्या आहेत का? शेपटीचं टोक आलं का? शेपटीवर कातीचं कडं राहिलं तर ते वाळून आवळतं, रक्त अडतं आणि टोक काळं पडून गळतं. ते काढायला कोमट, उथळ पाण्यात बसवून ओल्या फडक्यातून त्याला स्वतःच सरकू द्यायचं. डोळ्याची चकती अडकली असेल, तर पुन्हा ओलं मॉस द्यायचं, पुढच्या कातीबरोबर ती बहुधा निघते. तेव्हाही राहिली तर सरपटणारे प्राणी तपासणाऱ्या डॉक्टरकडे न्यायचं. चिमट्याने ओढायचं नाही. खालचा नवा खवला फाटला, तर डोळाच जाऊ शकतो.