भिंत कोसळते, माणूस उभा राहतो!

प्रयोगशील कला म्हणजे पोट भरलेल्यांची चैन, असे चळवळीतील अनेकांचे मत आहे. जलसा, पथनाट्य लोकांना कळते. मग हा दुर्बोध खटाटोप कशासाठी? प्रश्न रास्त आहे. उत्तर शोधताना लंडनचे कृष्णवर्णीय कलावंत स्टीव्ह मॅक्वीन यांची वाटचाल डोळ्यांपुढे ठेवली पाहिजे.

१९६९ साली जन्मलेले मॅक्वीन हे कॅरिबियन बेटांवरून इंग्लंडात आलेल्या कुटुंबातले. तेराव्या वर्षी शाळेने त्यांना प्लंबर, गवंडी घडविणाऱ्या तुकडीत टाकले. हात चालवा, डोके नको, हाच त्याचा अर्थ! त्यांनी चित्रकलेची वाट धरली. चेल्सी आणि गोल्डस्मिथ्स येथे शिकले. न्यूयॉर्कच्या फिल्म स्कूलमध्ये कॅमेरा हवेत भिरकावू देत नाहीत म्हणून काही महिन्यांतच तेथून बाहेर पडले.

सुरुवातीच्या कलाकृतींत त्यांनी स्वतःचा देहच साधन केला. १९९३ च्या ‘बेअर’मध्ये दोन नग्न कृष्णवर्णीय पुरुष झुंजतात, त्यातले एक ते स्वतः. १९९७ च्या ‘डेडपॅन’मध्ये घराची भिंत त्यांच्यावर कोसळते. खिडकीच्या पोकळीमुळे ते वाचतात, पण जागचे हलत नाहीत. मूळ प्रसंग बस्टर कीटनच्या विनोदी मूकपटातला. जग ज्यावर हसले तेच काळ्या माणसावर कोसळले की हसू थिजते! १९९९ साली त्यांना टर्नर पारितोषिक मिळाले.

कलादालनात कमावलेला हा संयम त्यांनी चित्रपटात आणला. ‘हंगर’ (२००८) हा उत्तर आयर्लंडमधील कैद्यांच्या १९८१ च्या उपोषणावरचा चित्रपट. त्यातील एका दीर्घ संवादात सुमारे १७ मिनिटे कॅमेरा जागचा हलत नाही. पुढे ‘ट्वेल्व्ह इयर्स अ स्लेव्ह’ला २०१४ साली सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे ऑस्कर मिळाले.

वकील म्हणून मला ‘मँग्रोव्ह’ (२०२०) अधिक महत्त्वाचा वाटतो. नॉटिंग हिलमधील कृष्णवर्णीयांच्या उपाहारगृहावर पोलीस वारंवार धाडी घालत. त्याविरुद्ध १९७० साली मोर्चा निघाला आणि नऊ जणांवर दंगल भडकविल्याचा खटला भरला गेला. डार्कस हाऊ आणि अल्थिया जोन्स-लकॉइंट यांनी स्वतःची बाजू स्वतः मांडली. ५५ दिवसांनंतर नऊही जण दंगलीच्या आरोपातून सुटले. पोलिसांच्या वागण्यातील वंशद्वेष न्यायाधीशांना बोलून दाखवावा लागला. या लढ्यात ब्रिटनमधील ब्लॅक पँथरचे कार्यकर्ते होते. त्याच अमेरिकन ब्लॅक पँथरपासून स्फूर्ती घेऊन १९७२ साली मुंबईत दलित पँथर उभी राहिली, हे वाचकांना सांगायला नको.

१४ जून २०१७ रोजी लंडनच्या ग्रेनफेल टॉवरला आग लागून ७२ माणसे गेली. जळका सांगाडा झाकला जाण्यापूर्वी मॅक्वीन यांनी तो हेलिकॉप्टरमधून चित्रित केला. निवेदन नाही, संगीत नाही. कॅमेरा नुसता त्या इमारतीभोवती फिरत राहतो. हा लघुपट २०२३ मध्ये लोकांसमोर आला. हे सर्व मृत्यू टाळता आले असते, असा निष्कर्ष चौकशी समितीने २०२४ साली दिला.

न्यायालयात साक्षीदार फितूर होतात, कागद गहाळ होतात. नजर न हटविणारा कॅमेरा मात्र साक्ष देत राहतो. तेव्हा दुर्बोधतेचा शिक्का मारून हे माध्यम प्रस्थापितांच्या स्वाधीन करणे आपल्याला परवडणारे नाही. आपल्या मुलामुलींनी वकील, डॉक्टर जरूर व्हावे. पण कलाशाळेचा दरवाजाही ठोठावला पाहिजे!