खाडी, आखात आणि उपसागर : मुलांचा गोंधळ कुठे होतो?



पाचवीच्या वर्गात नकाशावर बंगालचा उपसागर दाखवत होतो. एक मुलगी म्हणाली, "सर, ही बंगालची खाडी ना?" वर्ग हसला. "एवढी मोठी खाडी असते होय?" पण ती मनाचं सांगत नव्हती. मोबाईलवर हिंदी व्हिडिओत तिने तेच ऐकलं होतं. हिंदीत उपसागरही खाडी आणि आखातही खाडीच. मराठीत तसं नाही, म्हणून आधी शब्द वेगळे करून घ्यावे लागतात.

रुंद तोंडाने जमिनीत शिरलेला समुद्राचा भाग म्हणजे उपसागर. बंगालच्या उपसागराला तीन बाजूंनी जमीन आहे, दक्षिणेला तो मोकळा आहे. वीस लाख चौरस किलोमीटरहून मोठा, जगात सगळ्यात मोठा. आखात त्यामानाने चिंचोळं आणि आत घुसलेलं असतं, जसं खंबातचं, कच्छचं. कोणाचा मामा 'गल्फला' असेल तर इराणचं आखात मुलांना लगेच कळतं. अर्थात नियम काटेकोर नाही. मेक्सिकोचं आखात हडसनच्या उपसागरापेक्षा मोठं आहे. कॅस्पियनला समुद्र म्हणतात, पण चारही बाजूंनी जमीन, म्हणजे ते सरोवरच. हे सांगून पुढे जावं, घोकून घेऊ नये.

खाडी मात्र आपल्या दारातली आहे, तिथे वेळ द्यावा. कृष्णा आणि सावित्री दोघी महाबळेश्वरला उगम पावतात. कृष्णा पूर्वेला सुमारे १४०० किलोमीटर जाऊन बंगालच्या उपसागराला मिळते, तिथे गाळाचा त्रिभुज प्रदेश होतो. सावित्री घाट उतरून थोड्याच अंतरात बाणकोट-हरिहरेश्वरजवळ अरबी समुद्राला मिळते. तिच्या मुखातून भरतीचं खारं पाणी उलटं आत चढतं. तीच खाडी. दासगाव बंदर होतं ते याच पाण्यामुळे. २५ डिसेंबर १९२७ ला बाबासाहेब आंबेडकर आणि सत्याग्रही हरिहरेश्वरहून बोटीने दासगावला उतरले आणि सत्याग्रही पुढे महाडला चालत गेले. मुलांना हे सांगा, खाडीकडे बघण्याची नजरच बदलते.

आणि पूर. २२ जुलै २०२१ ला महाड बुडालं, तेव्हा गुरुपौर्णिमा तोंडावर आली होती. अमावास्या-पौर्णिमेच्या सुमारास उधाणाची भरती असते. डोंगरात धो धो पाऊस, सावित्री, गांधारी, काळ तिन्ही नद्या फुगलेल्या आणि खालून खाडीचं पाणी वर चढलेलं. मग नदीचं पाणी उतरणार कुठे? भरती हेच पुराचं एकमेव कारण नाही, मूळ कारण पाऊसच. पण ओहोटी लागेपर्यंत पाणी तुंबून राहतं.

म्हणून जून ते सप्टेंबर मी फळ्याच्या कोपऱ्यात तारखेखाली तिथी आणि भरतीची वेळ लिहितो. वेळ रोज साधारण पन्नास मिनिटांनी पुढे सरकते. आठवडाभर मी लिहिली, की पुढची वेळ मुलंच काढतात. चुकली तर संध्याकाळी खाडीवर जाऊन आलेला एखादा दुसऱ्या दिवशी सांगतोच, "सर, काल पाणी उशिरा आलं."