बोर्ड बदलला, पण गिऱ्हाईकाच्या डोक्यातलं नाव?



लिंबागणेशमध्ये माझं आधी वह्या-पुस्तकांचं दुकान होतं. तीन वर्षांपूर्वी बोर्ड बदलला आणि फवारणी पंपांचे सुटे भाग ठेवायला लागलो. पहिल्याच जूनमध्ये चाळीस हजारांचा माल फळीवर पडून, आणि येणारा प्रत्येक जण विचारतोय, “भाऊ, दोनशे पानी वही आहे का?” मी वैतागून सांगायचो, “बंद केलं ते.” माणूस परत जायचा. इथेच माझं चुकलं. कसं, ते गाण्याच्या क्षेत्रातल्या दोघांवरून बघू.

पहिला आपल्या शेजारचा, लातूरचा रोहित राऊत. २००८-०९ मध्ये ‘सारेगमप लिटिल चॅम्प्स’मधून तो घराघरात पोहोचला. पण लहानपणीच्या नावावर मोठेपणी किती दिवस चालणार? २०१९ मध्ये तो ‘इंडियन आयडल’मध्ये पुन्हा स्पर्धक म्हणून उभा राहिला आणि उपविजेता झाला. नव्या बाजारात त्याने परत पहिल्यापासून परीक्षा दिली. लाज नाही बाळगली.

दुसरा अमेरिकेतला स्टीव्ह बर्न्स. १९९६ पासून ‘ब्लूज क्लूज’ या लहान मुलांच्या कार्यक्रमाचा सूत्रसंचालक. हिरव्या पट्ट्यांचा शर्ट, सोबत कार्टूनमधली निळी कुत्री. २००२ मध्ये त्याने कार्यक्रम सोडला आणि २००३ मध्ये मोठ्यांसाठी इंडी रॉकचा अल्बम काढला, ‘साँग्ज फॉर डस्टमाइट्स’. ‘द फ्लेमिंग लिप्स’ या बँडमधला स्टीव्हन ड्रोझ्ड त्याच्या सोबतीला होता. तरी लोकांच्या डोक्यात तो शर्टवाला स्टीव्हच राहिला. मग २०१७ मध्ये याच दोघांनी ‘फॉरएव्हरीव्हेअर’ काढला. तो होता लहान मुलांच्या गाण्यांचा! नवी कला, जुनं गिऱ्हाईक.

आता आपल्या कामाचं बघा:

१. जुनी ओळख माणसाला दारापर्यंत आणते. पैसे मात्र तो नवा माल पटला तरच देतो.

२. नव्या धंद्यात आपण नवखेच. म्हणून सुरुवातीला माल थोडा भरा, खपतो का बघा, मगच वाढवा. सगळं भांडवल एकदम अडकवू नका.

३. जुन्या गिऱ्हाईकाला हाकलू नका. त्याला आता दुसरं काय लागतं, ते विचारा.

मला हे उशिरा कळलं. जूनमध्ये पोराच्या वह्या घ्यायला येणारा बाप शेतकरीच असतो. पेरणी तोंडावर, महिनाभरात त्याला फवारणी पंप बाहेर काढायचाच आहे. म्हणून आता जूनपुरत्या वह्या परत ठेवतो आणि त्यांच्या शेजारीच नोझल, वॉशर मांडतो. वही बांधून देताना एवढंच विचारतो, “दादा, पंप चालू करून बघितला का?”

तुमच्याकडे जुन्या नावाने कोण येतं? आज रात्री गल्ला मोजून झाला की वहीत त्यांची यादी करा.