रंगभूमीवरून मूकपटाकडे : बेला लुगोशी

हंगेरीतील पहिला मूकपट 'नृत्य' १९०१ साली तयार झाला. परंतु तेथे चित्रपटनिर्मितीला व्यवसायाचे स्वरूप येण्यास आणखी दहा-बारा वर्षे लागली. या नव्या धंद्याला नट लागत होते, आणि ते रंगभूमीवाचून अन्यत्र कोठे मिळणार? बेला लुगोशी हा अशा नटांपैकीच एक होय.

त्याचे मूळ आडनाव ब्लाश्को. १८८२ साली लुगोश या गावी त्याचा जन्म झाला. हे गाव तेव्हा हंगेरीच्या राज्यात होते, आज ते रुमानियात आहे. जन्मगावावरूनच त्याने रंगभूमीवरील आपले नाव घेतले. प्रांतोप्रांतीच्या नाटक मंडळ्यांत उमेदवारी केल्यावर १९१३ साली त्याला बुडापेस्टच्या राष्ट्रीय नाट्यगृहात प्रवेश मिळाला. तेथे त्याच्या वाट्याला बहुधा दुय्यम भूमिकाच येत. पुढच्याच वर्षी महायुद्ध सुरू झाले व तो आघाडीवर गेला. १९१६ साली तो नाट्यगृहात परतला.

१९१७ पासून तो मूकपटांत दिसू लागला. 'स्टार' या संस्थेच्या चित्रपटांत त्याने 'आरिस्तिद ओल्त' असे टोपणनाव धारण केले. आल्फ्रेद देएशी या दिग्दर्शकाने ऑस्कर वाइल्डच्या 'डोरियन ग्रे'वरून काढलेल्या 'आयुष्याचा राजा' या चित्रपटात तो होता. पुढे 'मायकेल कर्टिझ' या नावाने हॉलिवुडमध्ये गाजलेल्या मिहाय केर्तेसच्या 'कर्नल' या चित्रपटातही त्याने काम केले. रंगभूमीवरील नटाचे मुख्य बळ वाणीत असते. पडद्यावर ते निरुपयोगी ठरे. तेथे सारा भार मुद्रा, दृष्टी आणि देहाची ठेवण यांवरच पडे.

मार्च १९१९ मध्ये हंगेरीत सोव्हिएत गणराज्य स्थापन झाले. एप्रिलमध्ये चित्रपट-उद्योगाचे राष्ट्रीयीकरण झाले. लुगोशी नटांच्या संघटनेच्या कार्यात अग्रभागी होता. १३३ दिवसांत ते शासन कोसळले आणि त्याच्या समर्थकांवर सूडसत्र सुरू झाले. लुगोशीने व्हिएन्नामार्गे बर्लिन गाठले. तेथे त्याला मूकपटांत काम मिळाले, कारण मूकपटाला भाषेचा अडसर नव्हता. १९२० च्या अखेरीस तो अमेरिकेत उतरला.

तेथील इंग्रजी रंगभूमीवर मात्र भाषेवाचून गत्यंतर नव्हते. १९२२ सालच्या पहिल्या इंग्रजी नाटकातील संवाद त्याने केवळ उच्चारांवरून पाठ केले होते. १९२७ साली 'ड्रॅक्युला' नाटकाने आणि १९३१ साली त्याच कथेवरील बोलपटाने त्याला जगभर कीर्ती दिली. त्याचे हंगेरियन वळणाचे उच्चार त्या भूमिकेला शोभून दिसले. पण त्यांनीच त्याला पुढे एका ठराविक साच्यात जखडून टाकले. १९५६ साली तो निवर्तला.

त्याचे हंगेरीतील मूकपट आज जवळजवळ सर्वच नष्ट झाले आहेत. वाणीविना अभिनय करणारा तो तरुण नट आता मुख्यतः जुनी छायाचित्रे आणि जाहिराती यांतूनच भेटतो.