भूत ओरडते आणि हसू येते!

एक सोपा प्रयोग करून पाहा. संगणकावरचा एखादा भीतिदायक व्हिडिओ खेळ सुरू करा आणि त्याचा आवाज पार बंद करा. तोच अंधारा वाडा, तोच लांबलचक बोळ, तेच प्रेत पाय ओढत चालून येत असते. पण भीती कुठच्या कुठे पळालेली असते. आता आवाज सुरू करा आणि डोळे मिटा. पडद्यावरचे काहीच दिसत नाही, तरी छाती धडधडू लागते. अशा खेळांतले भूत मुख्यतः कानात राहते, ते असे.

म्हणूनच हे खेळ तयार करणारे लोक ध्वनीवर फार मेहनत घेतात. तरीसुद्धा कधी कधी अशी गंमत होते, की जिथे खेळणाऱ्याने किंचाळावे अशी अपेक्षा असते तिथे तो पोट धरून हसतो! निर्मात्यांची महिनोन्‌महिन्यांची मेहनत एका आवाजाने पाण्यात जाते. असे का होते? याचे उत्तर शोधायला भौतिकशास्त्र आपल्याला बरीच मदत करते.

भीती कशी तयार होते?

१९७८ साली जपानमध्ये टायटो कंपनीचा 'स्पेस इन्व्हेडर्स' हा खेळ आला. तो तोमोहिरो निशिकादो यांनी रचला होता. त्यात परग्रहावरच्या आक्रमकांच्या रांगा वरून खाली सरकत येतात आणि पाठीमागे फक्त चार खर्जातले सूर पुन्हा पुन्हा वाजतात. आक्रमक कमी होत जातात तसा उरलेल्यांचा वेग वाढतो आणि त्याबरोबर ते चार सूरही भराभर वाजू लागतात. धावत सुटलेल्या माणसाच्या हृदयाच्या ठोक्यांसारखे! चार सुरांत केवढी घालमेल!

१९९९ साली कोनामी कंपनीचा 'सायलेंट हिल' आला. त्याचे संगीत अकिरा यामाओका यांचे. या खेळात नायकाच्या खिशात एक छोटा रेडिओ असतो. राक्षस जवळ आला की रेडिओ खरखरतो. राक्षस अजून दिसत नाही, पण आहे हे कळते. मेंदूला अर्धवट माहिती मिळते आणि उरलेली जागा तो स्वतःच्या कल्पनेने भरून काढतो. आपल्या कल्पनेतल्या राक्षसाइतका भयंकर राक्षस कोणत्याही चित्रकाराला काढता येत नाही.

याशिवाय एक साधी युक्ती आहे: शांततेत एकदम मोठा आवाज करणे. असा आवाज झाला की सेकंदाच्या सुमारे विसाव्या भागात आपल्या पापण्या मिटतात आणि मानेचे स्नायू आखडतात. विचार करायला वेळच मिळत नाही, कारण ही प्रतिक्षिप्त क्रिया आहे. परंतु तिच्यात एक गोम आहे. तोच आवाज वारंवार झाला, तर प्रतिक्रिया कमी कमी होत जाते.

करकरणारे दार

१९९६ साली कॅपकॉम या जपानी कंपनीचा 'रेसिडेंट ईव्हिल' हा खेळ आला आणि जगभर गाजला. त्यात एका खोलीतून दुसऱ्या खोलीत जाताना काळ्या पडद्यावर फक्त एक दार संथपणे उघडताना दिसे आणि करकर ऐकू येई. यामागे एक व्यावहारिक कारण होते. पुढच्या खोलीची माहिती तबकडीवरून वाचायला यंत्राला काही सेकंद लागत. तो वेळ झाकण्यासाठी हे दार! पहिल्या दहा वेळा दाराची करकर ऐकून काटा येतो. शंभराव्या वेळी मात्र खेळणारा जांभई देतो, नाहीतर त्या करकरीची नक्कल करून मित्रांना हसवतो. भीतीला नावीन्य लागते. सवय झाली की ती विरते.

याच खेळातले संवाद तर त्याहून गाजले. खेळ जपानी, पण पात्रे बोलतात इंग्रजीत. जपानमधल्या आवृत्तीतही बोलणे इंग्रजीच होते, खाली जपानी अक्षरे. एका प्रसंगी छत खाली येत असलेल्या खोलीतून जिल या नायिकेला तिचा सहकारी बॅरी शेवटच्या क्षणी ओढून बाहेर काढतो. ती मरणाच्या दारातून परतलेली असते, आणि हा गृहस्थ लगेच तिची तुलना सँडविचशी करतो! शब्द विचित्र आणि स्वर तर आणखी विचित्र. २००२ साली हा खेळ नव्याने केला तेव्हा ते संवाद बदलले. पण लोक ते विसरले नव्हते. २००६ साली कॅपकॉमनेच आपल्या 'डेड रायझिंग' या दुसऱ्या खेळात जिलच्या नावाने सँडविचचे दुकान दाखवून स्वतःच्या फजितीवर कोपरखळी मारली.

आता यात विज्ञान कोणते? आपण बोलतो तेव्हा शब्दांबरोबर आवाजाचा चढउतार, जोर आणि विराम यांतूनही अर्थ जातो. घाबरलेल्या माणसाचा सूर चढतो, श्वास तुटतो. संभाषणात एकाचे बोलणे संपल्यावर दुसरा सरासरी सेकंदाच्या पाचव्या भागाच्या आसपास बोलायला लागतो. निरनिराळ्या दहा भाषांचा अभ्यास करून २००९ साली हे दाखवण्यात आले. खेळांत मात्र प्रत्येक वाक्य बहुधा सुटे मुद्रित करतात आणि नंतर एकापुढे एक जोडतात. मधला विराम पाऊण सेकंद झाला तरी कान सांगतो, 'ही माणसे एकमेकांशी बोलत नाहीत. कागद वाचत आहेत.' आणि कागद वाचणाऱ्या माणसांच्या जिवाला धोका आहे, हे कुणाला पटणार?

एकवीस सेकंदांची पेटी

आता थोडे गणित करू. त्या काळच्या 'प्लेस्टेशन' या खेळयंत्रात ध्वनीसाठी ५१२ किलोबाइट, म्हणजे ५,२४,२८८ बाइट स्मृती राखून ठेवलेली होती. सीडीच्या दर्जाच्या ध्वनीत सेकंदाला ४४,१०० नमुने घेतात आणि प्रत्येक नमुन्याला २ बाइट लागतात. म्हणजे एका सेकंदाला ८८,२०० बाइट. भागाकार करा: त्या स्मृतीत जेमतेम ६ सेकंदांचा ध्वनी मावतो! ध्वनी दाबून साठवण्याच्या पद्धतीने ही जागा साडेतीन पट पुरते. तरी होतात साधारण २१ सेकंद. यात पावलांचे आवाज, किंकाळ्या, बंदुका आणि वाद्ये असे सगळे बसवायचे.

मग काय करतात? तुतारीचा एकच सूर मुद्रित करायचा आणि तो जलद किंवा सावकाश वाजवून बाकीचे सूर काढायचे. दुप्पट वेगाने वाजवला की वारंवारता दुप्पट होते, म्हणजे सूर एक सप्तक वर जातो. सोय झाली, पण त्याबरोबर नको ते बदलही झाले. हे समजण्यासाठी आपल्याच घशाचे उदाहरण घ्या. स्वरयंत्रापासून ओठांपर्यंतची नळी मोठ्या माणसात सुमारे १७ सेंटिमीटर असते. एका बाजूने बंद असलेल्या नळीचे सूत्र तुम्हाला ठाऊक आहे: वारंवारता = ध्वनीचा वेग ÷ (४ × लांबी). ३४० ला ०.६८ ने भागा. उत्तर येते ५०० हर्ट्झ. तोच आवाज दुप्पट वेगाने वाजवला तर हे अनुस्पंदन १००० हर्ट्झवर जाते. म्हणजे जणू बोलणाऱ्याची नळी साडेआठ सेंटिमीटरची झाली! राक्षसाची बाहुली झाली, आणि बाहुलीला कोण घाबरणार?

उलट, तुतारीचा सूर निम्म्या वेगाने वाजवला तर फुंकरीचा सुरुवातीचा तडफदार भागही दुप्पट लांबतो. खणखणीत सुराऐवजी ढिले, ओघळलेले 'भों…' ऐकू येते.

१९९८ साली 'रेसिडेंट ईव्हिल'ची, हातात थरथरणाऱ्या 'ड्युअल शॉक' नियंत्रकासाठी केलेली आवृत्ती निघाली. तिचे संगीत नवे होते आणि त्यात तळघराच्या प्रसंगाची एक सुरावट आहे. तुतारीसारखे सूर एकमेकांशी न जुळता, ठेका न धरता वरखाली भटकत राहतात. हेतू भयाचा, पण ऐकणाऱ्यांना सर्कशीतला विदूषक भोंगा वाजवत तळघरात हिंडतो आहे असे वाटते. ही सुरावट आजही हसण्यासाठी मुद्दाम ऐकली जाते.

बेसूरपणा भीतिदायक असतो हे खरे आहे. ४४० आणि ४४६ हर्ट्झचे दोन सूर एकत्र वाजले तर आवाज सेकंदाला ६ वेळा कमीजास्त होतो, आणि ही थरथर कानाला अस्वस्थ करते. मग इथे हसू का यावे? कारण कान नुसता सूर ऐकत नाही. तो सूर कोण काढत आहे हेही ताडतो. तंतुवाद्यांची बारीक, बेसूर थरथर ऐकताना डोळ्यांपुढे कोणी येत नाही. भोंगा बेसूर वाजला की मात्र वरातीत गाल फुगवून चुकीचा सूर काढणारा बँडवाला दिसू लागतो!

या संगीताची आणखी एक कहाणी आहे. त्यावर नाव होते मामोरू सामुरागोची यांचे. पुढे कर्णबधिर असूनही श्रेष्ठ संगीतकार म्हणून जपानमध्ये त्यांचा मोठा गौरव झाला. २०१४ च्या फेब्रुवारीत ताकाशी निईगाकी या संगीतशिक्षकांनी जाहीर केले, की गेली १८ वर्षे सामुरागोचींच्या नावावर आपणच संगीत लिहीत होतो. तेव्हा संगीतकाराचे नाव वाचून नव्हे, आपल्या कानांनी ऐकून मत बनवावे, हा धडा त्यातून घेण्यासारखा आहे.

राक्षस की उंट?

१९९३ च्या डिसेंबरात आलेल्या 'डूम' या अमेरिकन खेळातले बरेच आवाज विकत मिळणाऱ्या ध्वनिसंग्रहातून घेतलेले होते. त्यातल्या आगीचे गोळे फेकणाऱ्या राक्षसाचे गुरगुरणे मुळात एका उंटाचे आहे! उंटाचा घसा लांब, म्हणून आवाज खोल. ऐकणाऱ्याला मोठा प्राणी वाटतो. निवड अगदी शास्त्रशुद्ध होती. पण एकदा 'हा उंट आहे' हे कळले, की पुढे राक्षस दिसेनासा होतो आणि उंटच दिसतो. एकच ध्वनी, एकच वारंवारता. बदलली ती फक्त आपली माहिती.

चित्रपटांतही असेच घडले. १९५१ सालच्या 'डिस्टंट ड्रम्स' या अमेरिकन चित्रपटासाठी मुद्रित केलेली एक किंकाळी ध्वनिरचनाकार बेन बर्ट यांनी १९७७ च्या 'स्टार वॉर्स'मध्ये वापरली. त्यानंतर ती इतक्या चित्रपटांत आली, की ती ऐकताच जाणकार प्रेक्षक मरणाऱ्या पात्राकडे पाहून हसतात.

वेळ आणि अंतर

ध्वनी सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो. शेतापलीकडे ३४ मीटरवर कुणी लाकूड फोडत असेल, तर कुऱ्हाड पडल्यावर सेकंदाच्या दहाव्या भागाने आवाज येतो. निसर्गात ध्वनी चित्राच्या मागून येतो. आधी कधीच येत नाही. आपला मेंदू हे शिकलेला आहे. म्हणून दूरचित्रवाणीसाठीच्या आंतरराष्ट्रीय शिफारशीनुसार आवाज सुमारे १२५ मिलिसेकंद उशिरा आला तरच चूक जाणवते. पण आधी आला तर ४५ मिलिसेकंदांतच लक्षात येते. राक्षसाने जबडा उघडण्याआधीच डरकाळी आली, तर तो बोलक्या बाहुलीसारखा भासतो.

अंतराचेही तसेच. मोकळ्या जागेत अंतर दुप्पट झाले की ध्वनीची पातळी ६ डेसिबलने उतरते आणि दहापट झाले की २० डेसिबलने. हा हिशेब चुकला, की वीस मीटरवरचे भूत कानाशी चपला फटफटवत चालते!

कधी खऱ्या जगाचा आवाजच खेळात शिरतो. २०१४ च्या 'एलियन: आयसोलेशन'मध्ये काही यंत्रांवर अशी सोय होती, की खेळणाऱ्याच्या खोलीतला आवाज यंत्राच्या ध्वनिग्राहकाने टिपावा आणि तो राक्षसाला ऐकू जावा. कल्पना थरारक खरी. पण तुम्ही श्वास रोखून लपला आहात आणि मागून आजी 'जेवायला चल रे' म्हणून हाक मारते, तर काय होईल ते तुम्हीच ठरवा!

भय आणि हास्य: शेजारी शेजारी

भरतमुनींच्या नाट्यशास्त्रात भयानक रसाच्या कारणांत विकृत आवाज सांगितला आहे, आणि हास्यरसाच्या कारणांत विकृत वागणे, बोलणे नि वेष. 'विकृत' हा शब्द दोन्हीकडे आहे! अलीकडे, २०१० साली, मॅकग्रॉ आणि वॉरन या संशोधकांनी मांडले, की एखादी गोष्ट चुकीची वाटते आणि त्याच वेळी निरुपद्रवीही वाटते, तेव्हा हसू येते. आपले वरचे सारे दाखले यात बसतात. चुकीची आणि धोक्याची गोष्ट भिववते. धोका खोटा आहे हे एका आवाजाने उघड केले, की तीच हसवते. शिवाय भीतीने शरीर आधीच ताणलेले असते, म्हणून ते हसू अधिकच जोरात फुटते.

करून पाहा

वर्गात एक प्रयोग करता येईल. दाराची करकर, मांजराचे ओरडणे आणि स्टीलच्या वाटीवरचा चमचा हे तीन आवाज मोबाइलवर मुद्रित करा. 'ऑडॅसिटी'सारख्या मोफत संगणक-प्रणालीने ते निम्म्या आणि दुप्पट वेगाने वाजवा. मात्र वेगाबरोबर सूरही बदलला पाहिजे. सूर तोच ठेवणारी सोय इथे उपयोगाची नाही. वर्गमित्रांना आवाज कशाचा ते न सांगता, ऐकताना काय दिसले ते लिहायला लावा. मग मूळ आवाज सांगा आणि तेच पुन्हा ऐकवा. कितीजण पहिल्यांदा दचकले आणि दुसऱ्यांदा हसले, ते फळ्यावर मांडा. शिक्षकांनी वारंवारता आणि अनुस्पंदन हे धडे शिकवताना हा प्रयोग जरूर घ्यावा.

आणि रात्री माळ्यावर काही खडखडले, तर पांघरुणात शिरण्याआधी स्वतःला चार प्रश्न विचारा: आवाज केवढा? किती उंच सुराचा? किती अंतरावरून? कशावर काय आपटले असेल? चौथ्या प्रश्नापर्यंत पोचेस्तोवर बहुधा उंदीर सापडलेला असेल.