स्पॅगेटीचं पीक
(लेखमाला : थट्टेचे दिवस – भाग ३)

१ एप्रिलच्या उगमाची सर्वांत लोकप्रिय कथा गेल्या आठवड्यात आपण तपासली. फ्रान्सने १५६४मध्ये वर्षारंभ १ जानेवारीला नेला आणि जुन्या तारखेला चिकटून राहिलेल्यांची टिंगल सुरू झाली, असं ती सांगते. पण एदुआर्द द देने या फ्लेमिश कवीने १५६१मध्येच या दिवशी नोकराला नसत्या कामांना पिटाळणाऱ्या उमरावावर कविता लिहिली होती. त्यामुळे ती कथा टिकत नाही. आज उगम बाजूला ठेवून एक थट्टा जवळून पाहू. इतकी नेटकी थट्टा माझ्या पाहण्यात दुसरी नाही.

१ एप्रिल १९५७, सोमवार. बीबीसीच्या ‘पॅनोरमा’ या गंभीर वृत्तकार्यक्रमाच्या अखेरीस सुमारे तीन मिनिटांची चित्रफीत दाखवली गेली. स्वित्झर्लंडच्या दक्षिणेकडच्या तिचिनो भागात बायका झाडांवरून स्पॅगेटी खुडताहेत, टोपल्यांत भरताहेत आणि आपल्याकडे शेवयांचं वाळवण घालतात तशी उन्हात पसरताहेत. यंदा हिवाळा सौम्य होता, स्पॅगेटीला लागणारी कीडही नाहीशी झाली, म्हणून पीक भरघोस आलं, असं निवेदक सांगत होता. सगळ्या काड्या एकाच लांबीच्या कशा? शेतकऱ्यांनी पिढ्यान् पिढ्या चिकाटीने वाण सुधारलं म्हणून!

कल्पना कॅमेरामन चार्ल्स द येगर यांची. कोरडी स्पॅगेटी फांदीवर लोंबेना, शिजवलेली घसरून खाली पडे. शेवटी न शिजवलेली स्पॅगेटी ओल्या फडक्यांत गुंडाळून मऊ केली, तेव्हा ती झाडावर टिकली. थट्टेसाठी घेतलेली ही मेहनत मला फार आवडते.

लोक फसले, त्याचं एक कारण ताटातलं होतं. तेव्हाच्या ब्रिटनमध्ये स्पॅगेटी अनेकांना ठाऊक होती ती टोमॅटोच्या रश्श्यातली, डबाबंद. ती पिठाची करतात हे बऱ्याच जणांना माहीत नव्हतं. पण त्याहून मोठं कारण आवाजाचं. निवेदक होते रिचर्ड डिंबलबी. १९४५मध्ये बेल्सन छळछावणीचं वर्णन रेडिओवरून ऐकवणारे आणि १९५३मध्ये राणीच्या राज्याभिषेकाचं दूरचित्रवाणीवर समालोचन करणारे. त्यांनी एकदाही सूर हलका केला नाही. कीड, हवामान, वाण हे सारे तपशील शेतीच्या बातमीत शोभतील असेच होते.

त्या रात्री बीबीसीचे फोन खणखणले. गंभीर कार्यक्रमात थट्टा केल्याचा काहींना राग आला, तर काहींना झाड कुठे मिळेल ते हवं होतं. त्यांना सल्ला मिळाला, की टोमॅटोच्या रश्श्याच्या डब्यात स्पॅगेटीची एक काडी खोवा आणि वाट पाहा.

यात कुणाचा पैसा गेला नाही, कुणाच्या जिवाला घोर लागला नाही. थट्टेची कसोटी मला तीच वाटते. नातेवाइकाच्या अपघाताची खोटी बातमी फोनवरून देणाऱ्याला १ एप्रिलची ढाल मिळता कामा नये; समोरच्याच्या काळजाचा चुकलेला ठोका ही गंमत नव्हे. ब्रिटनमध्ये तर वेळेचीही मर्यादा पाळतात: थट्टा दुपारी बारापर्यंतच, त्यानंतर करणाराच मूर्ख ठरतो. ‘पॅनोरमा’ने तो संकेत मोडला, कारण कार्यक्रमाची वेळच रात्रीची होती.

पुढच्या आठवड्यात स्पेन. तिथे थट्टेचा दिवस २८ डिसेंबर, म्हणजे हेरोद राजाने मारवलेल्या बालकांचा स्मरणदिन. त्या दिवशी पाठीवर कागदी बाहुल्या चिकटवण्याची पद्धत आहे.